टळटळीत दुपारची बाई

हेडफोन लावले असतील तर आवाज जरा कमी करा, कारण आजची गोष्ट भुताची आहे. पण दिवे घालवू नका, पडदे ओढू नका. उलट उघडाच. आजचं भूत रात्री येतच नाही. अमावस्या नको, पिंपळ नको, स्मशान नको. हिला लागतं डोक्यावर आलेलं ऊन, कापणीला आलेलं शेत आणि आसपास चिटपाखरू नाही अशी शांतता.

रशियन लोक तिला पोलुदनित्सा म्हणतात. चेक लोक पोलेदनित्से म्हणतात. पोलंडमध्येही जवळपास हेच नाव आहे, उच्चार तेवढा वेगळा. शब्दाची फोड सोपी आहे. ‘पोल’ म्हणजे अर्धा आणि ‘देन’ म्हणजे दिवस. हा ‘देन’ आणि आपला ‘दिन’ एकाच जुन्या मुळातून आलेत, म्हणजे लांबचे चुलतभाऊ म्हणा. तर ही ‘अर्ध्या दिवसाची’. मराठीत नाव द्यायचं झालं तर मी मध्यान्हीण म्हणेन.

तुमच्यातल्या काहींनी तिला आधीच पाहिलंय, फक्त ओळख नाही. ‘द विचर ३’ हा गेम खेळलाय का? २०१५ चा, पोलंडच्याच कंपनीचा. सुरुवातीच्या गावात विहिरीजवळ एक बाई भर उन्हात तरंगत येते, कातडं वाळून कोळ झालेलं, अंगावर फाटका पांढरा पोशाख. तीच ही. गेमवाल्यांनी तिला लग्नाआधी मेलेल्या मुलीची कहाणी जोडली आहे. पण बऱ्याच जुन्या गोष्टींत ती कुणाची बायको नाही, कुणाची मुलगी नाही, तिला भूतकाळच नाही. ती फक्त दुपारी असते.

उत्तर रशियातल्या गोष्टींत ती उंच, पांढरे कपडे घातलेली, राय नावाच्या धान्याच्या शेतातून चालत येणारी बाई आहे. भर दुपारी जो काम थांबवत नाही, त्याचं डोकं ती दोन्ही हातांत धरते आणि पिळते. मान दुखेपर्यंत, कधी जीव जाईपर्यंत. लहान मुलांना ती उंच पिकात ओढून नेते, वाट चुकवते. काही ठिकाणी तिच्या हातात भलामोठा तवा असतो. तव्याचं मला फार आवडलं. कारण काही जण सांगायचे, ती त्या तव्यानं पीक भाजून काढते. आणि काही जण सांगायचे, ती तवा आडवा धरून पिकावर सावली करते. एकच बाई, एकच तवा, आणि ती मारणारी की राखणारी हे गावागणिक बदलतं. हा तवा लक्षात ठेवा.

आता सगळ्यांत भारी भाग. तो रशियात नाही, पोलंडमध्येही नाही, जर्मनीत आहे. जर्मनीच्या पूर्व टोकाला, पोलंड आणि चेकच्या सीमेला लागून लुसाटिया नावाचा प्रदेश आहे. तिथं झोर्ब लोक राहतात. चारी बाजूंनी जर्मन भाषा आणि मधे हे छोटंसं स्लाव्ह बेट, स्वतःची भाषा टिकवून बसलेलं. त्यांच्या गोष्टीतली दुपारची बाई हातात विळा घेऊन येते, पण आल्या आल्या वार करत नाही. ती प्रश्न विचारते. शेतात एकटं सापडलेल्या माणसाला म्हणते, मला जवसाबद्दल सांग.

जवस म्हणजे तेच आपलं, चटणीतलं. पण आपण जवस पिकवतो तेलासाठी आणि चटणीसाठी, तिकडे त्याच्या काडीपासून धागा काढतात, लिननचा. आणि ते काम महाकिचकट. पेरा, निंदा, मग रोप कापायचं नाही, मुळासकट उपटायचं. वाळवायचं. बोंडं झोडून बी वेगळं करायचं. मग काड्या दवात किंवा पाण्यात कुजत घालायच्या, आपल्याकडे अंबाडी कुजवतात तशा. पुन्हा वाळवायच्या, कुटायच्या, साली झाडायच्या, लोखंडी फणीनं विंचरायच्या. मग सूत, मग कापड, मग ते कापड गवतावर पसरून उन्हात पांढरं करायचं. हे सगळं त्या बाईला क्रमानं, न अडखळता, एक वाजेपर्यंत सांगत राहायचं. बारा ते एक. पूर्ण एक तास! एकचा ठोका पडला की तिची ताकद संपते आणि तुम्ही सुटता. मधेच थांबलात, क्रम चुकलात, शब्द सापडेना झाला, तर विळा आहेच.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हसू आलं. कसलं भूत आहे, तोंडी परीक्षा घेतंय! झोर्ब लोकही थोडे हसलेच असणार, कारण सतत प्रश्न विचारून डोकं खाणाऱ्या माणसाला त्यांच्याकडे हिचीच उपमा देतात.

मग उष्माघाताबद्दल वाचत होतो आणि एका ओळीवर थांबलो. ऊन लागून थकवा येणं वेगळं आणि उष्माघात वेगळा, हे तुम्ही ऐकलं असेल. थकव्यात घाम येतो, चक्कर येते, मळमळतं, पायात गोळे येतात, पण माणूस शुद्धीत असतो, नीट बोलतो. उष्माघातात शरीराच्या आतलं तापमान ४० अंशांच्या वर जातं आणि मेंदू गडबडतो. माणूस असंबद्ध बोलू लागतो, जीभ जड होते, कुठं आहे ते सांगता येत नाही, कधी कधी उगाच भांडायला उठतो. जवळच्या माणसाला दिसणारी सगळ्यांत महत्त्वाची खूण हीच. घाम थांबलाय का हे बघत बसू नका. उन्हात राबणाऱ्या माणसाला उष्माघात झाला तरी घाम चालू असू शकतो. बोलतं करा. नाव काय, आज वार कोणता, आपण कुठं आहोत. उत्तर गडबडलं की तो माणूस धोक्यात आहे.

आता पुन्हा त्या शेतात चला. बारा वाजलेत, सावली पायाखाली आलीय, आणि एक बाई विचारतेय, सांग, जवस उपटल्यावर पुढं काय करतात? झोर्ब शेतकऱ्याला हे लहानपणापासून पाठ. झोपेतही सांगेल. ज्याला हेसुद्धा क्रमानं सांगता येत नाही, त्याच्या डोक्यात काहीतरी बिघडलंय. म्हणजे त्याला आधीच ऊन लागलंय.

हा माझा तर्क आहे, कुठल्या पंडिताचा निष्कर्ष म्हणून पुढं पाठवू नका. गोष्ट रचणाऱ्यांनी असा विचार करून ती रचली असेल असंही मी म्हणत नाही. पण पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी शेतात माणसं कोसळताना पाहिली असणार. कोसळण्याआधी ती बरळतात, समोरच्याला उत्तर देऊ शकत नाहीत, हेही पाहिलं असणार. मग त्या ‘समोर’च्या जागी कुणीतरी उभं राहिलं. पांढऱ्या कपड्यांत.

आणि गंमत बघा, मराठीतही हे दोन धागे एकाच शब्दात गुंतलेत. आपण ‘ऊन बाधलं’ म्हणतो. आणि भुतानं धरलं तर? ‘बाधा झाली’ म्हणतो. आजी सांगायची ना, भर दुपारी एकटं विहिरीकडे जाऊ नको? कोकणातल्या असोत, विदर्भातल्या असोत, आज्यांचं या बाबतीत एकमत. आमच्याकडे मात्र त्या दुपारच्या बाईला कुणी प्रश्नपत्रिका दिली नाही.

असो. चेक देशात जाऊ. तिथं ती शेतातून उठून थेट स्वयंपाकघरात आली, आणि माझ्या मते इथूनच ती खरी भयंकर झाली.

कारेल यारोमीर एर्बेन नावाचा कवी होता. प्राग शहराच्या दफ्तरखान्यात काम करायचा आणि लोककथा गोळा करायचा. त्याचा ‘कितित्से’ नावाचा कवितासंग्रह १८५३ मध्ये आला. चेक शाळकरी मुलांना त्यातली पोलेदनित्सेची कविता माहीत नाही असं सहसा होत नाही. कथा एवढीशीच आहे. एक आई. चुलीपाशी दुपारचं जेवण करतेय. बाराला नवरा येणार, त्याआधी ताट तयार हवं. बाकाजवळ पोर किंचाळतंय. खेळणी दिली, गप्प बसत नाही. शेवटी वैतागून आई ओरडते, घेऊन जा गं पोलेदनित्से याला!

आणि दार उघडतं.

येते ती उंच सुंदर बाई नसते. एवढीशी, काळपट, डोक्याला रुमाल बांधलेली, वाकड्या पायांची, काठी टेकत येते. म्हणते, दे ते मूल. आई पोराला छातीशी आवळते, मागं मागं सरकते. ती जवळ येत राहते. आई अजून आवळते. तेवढ्यात बाराची घंटा होते, नवरा घरात पाऊल टाकतो. बायको जमिनीवर बेशुद्ध पडलेली, मूल छातीशी घट्ट. बायकोला कशीबशी शुद्ध येते. मूल गुदमरून गेलेलं असतं.

मुलाला पोलेदनित्सेनं हातही लावलेला नाही, हे ध्यानात आलं का?

अंतोनीन द्वोर्झाक या चेक संगीतकारानं १८९६ मध्ये या कवितेवर वाद्यवृंदासाठी एक रचना केली. पंधरा मिनिटांच्या आत संपते, यूट्यूबवर सापडेल. शब्द एकही नाही. ओबोमधून मुलाची किरकिर ऐकू येते, बास क्लॅरिनेटमधून ती बाई सरपटत आत येते, आणि शेवटाकडे घंटेचे बारा टोल. एकदा कथा माहीत असताना ऐका. बसमध्ये ऐकू नका, घरी ऐका.

२०१६ मध्ये चेक दिग्दर्शक यिरी सादेक यानं ‘पोलेदनित्से’ नावाचा सिनेमा केला. त्यात पोलेदनित्सेला आजच्या काळात आणलंय. एलिश्का नावाची तरुण आई लहान मुलीला घेऊन नवऱ्याच्या गावी राहायला येते. दुष्काळ पडलेला, उन्हाची लाट, पिवळंधमक शेत. बाबा लवकरच येणार आहेत, असं ती मुलीला सांगत राहते. बाबा मेलेले आहेत. सिनेमातलं सगळं भय या एका खोट्यातून वर येतं. भूत येतं ते नंतर, आणि येतं की एलिश्काच्या डोक्यातच आहे, हे दिग्दर्शक तुमच्यावर सोडतो. भयपट म्हणजे अंधार, हा नियम त्यानं मोडला. पडद्यावर इतकं ऊन आहे की डोळे बारीक करावेसे वाटतात.

सिनेमा सगळ्यांना आवडेल असं नाही. मध्यंतरानंतर तो जरा रेंगाळतो, आणि हॉलिवूडच्या भुतांची सवय असेल तर तुम्ही मधेच फोन काढाल. पण एका गोष्टीसाठी मी त्याला मानतो. एर्बेनच्या कवितेतली आई वाईट नाही, ती थकलेली आहे, हे त्यानं नीट ओळखलं. चूल पेटलेली, बाहेर ऊन, पोर रडतंय, मदतीला कुणी नाही, आणि बाराच्या ठोक्याला ताट वाढलेलं हवं. १८५३ मध्येही डेडलाइन होतीच की. अशा बाईकडे कुणी येत नाही, आणि येते ती पोलेदनित्से. मुलाला दोन मिनिटं कुणी घेतलं असतं तर कविताच झाली नसती.

आता मी थोडी मोकळीक घेतो. समजा, ती आज आली. कुठं उभी राहील?

शेतात तिला आता फारसं कुणी भेटणार नाही. वातानुकूलित केबिनमध्ये बसून कापणी करणाऱ्याचं डोकं कसं पिळणार? मला ती वॉर्सात दिसते. जुलै महिना, काचेच्या उंच इमारती, काचेवरून उन्हाची तिरीप खाली डांबरावर. पाठीवर चौकोनी पिशवी अडकवलेला एक मुलगा सायकलवर सिग्नलला थांबलाय. आपल्या देशातून गेलेली मुलंही तिथं हे काम करतात, तेव्हा तो आपल्याकडचाही असू शकतो. ॲपवर मिनिटं उलटी मोजली जातायत. रस्त्यापलीकडे पांढऱ्या कपड्यांत ती उभी आहे. विळा नाही, हातात फोन. ती रस्ता ओलांडून येते आणि विचारते, नाव काय तुझं?

तो सांगतो.

कुठं निघालास?

तो फोनकडे बघतो. पत्ता डोळ्यांपुढे आहे, पण अक्षरं जुळत नाहीत.

कुठून आलास? आत्ता, इथं, कुठून आलास?

ॲप टिंग करतं. उशीर होतोय. सिग्नल हिरवा होतो आणि मागचे हॉर्न वाजवू लागतात. त्याला उत्तर माहीत आहे, जिभेवर आहे, फक्त बाहेर येत नाही.

इथं थांबतो. पुढं काय होतं ते तो सिग्नलला कोण कोण उभं आहे त्यावर अवलंबून आहे.

आणि एक गंमत सांगायची राहिली. तुमच्या फोनमधले बारा म्हणजे तिचे बारा नाहीत. तिचे बारा म्हणजे सूर्य डोक्यावर. युरोपात उन्हाळ्यात घड्याळ एक तास पुढं करतात, त्यामुळे प्रागमध्ये सूर्य डोक्यावर येतो तेव्हा फोनवर एक वाजून गेलेला असतो. आणि हवा सगळ्यांत जास्त तापते ती त्याच्याही नंतर दोन-तीन तासांनी. म्हणजे जुन्या गोष्टीतला ‘एक वाजला की सुटलात’ हा नियम आता चालत नाही.

शहरात तर अजिबात नाही. २०१० चा मॉस्कोचा उन्हाळा बघा. २९ जुलैला तिथं ३८.२ अंश तापमान नोंदलं गेलं, शहराचा आजवरचा उच्चांक. नागपूरकर हसतील, आमच्याकडे एवढं फेब्रुवारी-मार्चमध्ये होतं म्हणून. पण ती घरं थंडी आत येऊ नये म्हणून बांधलेली. पंखा नाही, एसी नाही. त्यात शहराबाहेर दलदलीतलं पीट जळत होतं, त्याचा धूर आठवडेच्या आठवडे शहरावर. खिडकी उघडली तर धूर, बंद केली तर भट्टी. रात्रीही काँक्रीट निवत नव्हतं. त्या उन्हाळ्यात एकट्या मॉस्कोत नेहमीपेक्षा सुमारे ११ हजार माणसं जास्त मेली. बहुतेक म्हातारी माणसं, घरात, बिछान्यावर. पोलुदनित्सा शेतातून चौथ्या मजल्यावर आली आणि रात्रीही थांबू लागली.

आणि लुसाटिया? प्रश्न विचारणाऱ्या बाईचं गाव? त्याची गोष्ट सगळ्यांत विचित्र. त्या शेतांखाली लिग्नाइट निघाला, म्हणजे तपकिरी कोळसा. गेल्या शंभर वर्षांत तिथली शंभराहून अधिक गावं खाणींसाठी पूर्ण किंवा अर्धी उठवली गेली, त्यांतली कितीतरी झोर्ब लोकांची. गाव गेलं की शेजार जातो, शेजार गेला की भाषा जाते. त्या खाणींवर वापरलेलं एफ ६० नावाचं एक यंत्र आता पर्यटकांना दाखवायला ठेवलंय. ते ५०२ मीटर लांब आहे. अर्धा किलोमीटर! जिथं ती विळा घेऊन फिरायची ती माती या यंत्रांनी उचलून बाजूला टाकली, खालचा कोळसा काढला आणि जाळला. त्या धुराचं पुढं हवेत काय होतं, हे तुम्ही शाळेत शिकलात.

जुन्या गोष्टीत माणसानं दुपारचा नियम मोडला की ती यायची. हा नियम मात्र दुपारपुरता नव्हता.

तो जुना नियम आता सरकारं लिहून काढतायत, हे मला फार रोचक वाटतं. ग्रीसमध्ये जून २०२४ च्या लाटेत सरकारनं सर्वाधिक तापलेल्या भागांत दुपारी १२ ते ५ उघड्यावरचं काम बंद ठेवायला लावलं, डिलिव्हरीसकट. संयुक्त अरब अमिरातीत १५ जून ते १५ सप्टेंबर रोज दुपारी साडेबारा ते तीन उघड्यावर काम करून घ्यायला मनाई आहे. तिथल्या बांधकामांवर आपली किती माणसं आहेत ते तुम्हाला ठाऊक आहे. आपल्याकडे उन्हाळ्यात फोनवर मेसेज येतो, दुपारी १२ ते ३ बाहेर पडणं टाळा. टाळा. पोलुदनित्सा ‘टाळा’ म्हणायची नाही. मुकादम असो, जमीनदार असो, शेतावरचा गडी त्याला सांगू शकायचा, मालक, ती येईल, बसू द्या तासभर. आणि मालकही घाबरायचा, कारण ती मालक-गडी बघत नव्हती. मेसेजला कोण घाबरतं?

म्हणून तो तवा लक्षात ठेवायला सांगितला होता. भाजणारा की सावली धरणारा, हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

जाता जाता कामाचं. कुणी उन्हात बरळायला लागलं, तर लगेच १०८ लावा. सावलीत न्या, कपडे सैल करा, अंगावर पाणी ओता, वारा घाला. बर्फ मिळाला तर मान, काखा आणि जांघेत. शुद्ध नसेल तर तोंडात पाणी घालू नका, श्वासनलिकेत जातं. गाडी येईपर्यंत थंड करणं थांबवू नका आणि त्याच्याशी बोलत राहा.

तुमच्या घरी दुपारच्या वेळेबद्दल काय सांगायचे, कुणाचं नाव घेऊन घाबरवायचे, ते व्हॉइस नोटवर पाठवा. आज्यांच्या आवाजात असेल तर उत्तमच. पुढच्या भागात आपण पाण्यात उतरणार आहोत, चेक नद्यांतल्या वोदनिककडे. तो बुडालेल्यांचे आत्मे चिनीमातीच्या भांड्यात झाकून ठेवतो आणि वर ओल्या कोटातून पाणी ठिबकवत बाजारात फिरतो. भेटू.